मामाच्या वाट्याचा पाट

८ फेब्रुवारी, शनिवार

आज मी पाटकरीण झाले.

जुन्या शाळेच्या खोलीत सभा होती. शेगडी पेटवलेली असूनही सगळे कोट घालूनच बसले होते. सेले मामाने एकतीस वर्षांनी काम सोडलं. गुडघे गेले, डोळ्यांत मोतीबिंदू, गाडीचा परवानाही सरकारने काढून घेतला. "पाटाच्या कडेने चालता येत नाही तो पाटकरी कसला," एवढंच म्हणून तो खाली बसला. मग कोणी उठेना. पाट साफ करून घेणं, पाण्याच्या पाळ्या लावणं हे काम कोणालाच नको होतं. सगळे आपापल्या टोपीकडे बघत राहिले.

माझं नाव वेंडेलने घेतलं. वेंडेल एकोणसत्तर साली लांब केस आणि एक बकरी घेऊन न्यू मेक्सिकोतल्या या खोऱ्यात आला आणि इथलाच झाला. गाव त्याला अजून 'तो नवा' म्हणतं. पाटसमितीचा अध्यक्ष फाउस्टिन म्हणाला, "त्या नव्याने बाई सुचवली. आता त्याच्या बकरीचंही मत घ्यायचं का?" सगळे हसले. मीही हसले. तेव्हा मागच्या बाकावरून ओफेलिया मावशी बोलली. तिचं शेत पाटाच्या अगदी शेपटाला. "माझ्यापर्यंत पाणी आणील त्याला माझं मत. बाई आणो, बुवा आणो, नाहीतर बकरी आणो!" आणि हात वर झाले.

मी हो का म्हटलं? दुसरं कोणी नव्हतं म्हणून, हे सभेत सांगितलं. पण सव्वादोनशे वर्षांच्या पाटाची पहिली बाई, असं एक वाक्य हात वर होत असतानाच माझ्या डोक्यात तयार झालं होतं. इतिहास शिकवणाऱ्या बाईला असली वाक्यं फार लवकर सुचतात.

१६ फेब्रुवारी

डोंगरावर बर्फ नाही. जानेवारीत पडलं तेही वाऱ्याने नेलं. वर्गाच्या खिडकीतून शिखरं दिसतात. या दिवसांत ती पांढरी असायला हवीत, तर उंदराच्या रंगाची दिसताहेत.

ओफेलिया मावशीकडे गेले होते. तिने मला मिरचीचा रस्सा वाढला आणि मी खात असतानाच सांगितलं की शेतकऱ्यांच्या संताच्या, सान इसिद्रोच्या सणापर्यंत, म्हणजे पंधरा मेपर्यंत, शेतात पाणी आलं नाही तर ती डेन्व्हरला मुलाकडे जाणार. शेताला गिऱ्हाईक आहे. पाहुण्यांसाठी लाकडी खोल्या बांधणार म्हणे.

"गेल्या साली जर्दाळूची दोन झाडं वाळली. मला डोळ्यांदेखत तिसरं वाळलेलं नको," ती म्हणाली. "मिरचीचं बी माझ्या आजीच्या आजीचं आहे. ते डेन्व्हरच्या कुंडीत लावू?"

शेपटाकडच्या चार घरांतलं हे शेवटचं घर. हे गेलं की पाट तिथवर न्यायचं कारणच उरत नाही. मग तो दरवर्षी खालून एक-एक शेत आखडत जाणार. मी तिला शब्द दिला. तिने मागितला नव्हता.

२ मार्च

कालचा सगळा शनिवार सांता फेच्या अभिलेखागारात होते. आमचं दानपत्र पुन्हा हातात घेतलं. स्पेनच्या राजाच्या वतीने गव्हर्नराने सही करून एकोणीस घरांना ही जमीन आणि 'वरून उतरणारं पाणी' दिल्याचा कागद. एकोणीस नावं. त्यांत दोघे नुसत्या पहिल्या नावाचे. ते बहुधा लहानपणी पकडून आणून, बाप्तिस्मा देऊन वाढवलेले कोमांचे किंवा अपाची जमातीचे इंडियन. माझ्या आईचं घराणं त्यांतल्याच एकाचं. शाळेच्या पुस्तकात न्यू मेक्सिकोचा इतिहास तीन चौकोनांत दिला आहे: इंडियन, स्पॅनिश, अमेरिकन. माझ्या वर्गातलं एकही मूल एका चौकोनात मावत नाही. मीही नाही.

कागद वाचताना दरवेळी होतं तेच झालं, छाती भरून आली. गावातल्या प्रत्येक घरात या कागदाची छायाप्रत भिंतीवर आहे, येशूच्या शेजारी.

आमचा पाट नदीतून निघत नाही. तो वरच्या पुएब्लोच्या, म्हणजे मूळ इंडियनांच्या गावाच्या, पाटाच्या टोकातून निघतो. त्यांची शेतं भिजली की उरलेलं पाणी त्यांच्या हद्दीतून आमच्याकडे उतरतं. ते आमच्या कितीतरी आधीपासून इथे आहेत, पहिला हक्क त्यांचा. कोरड्या वर्षी त्यांनी सगळं पाणी ठेवून घेतलं तर कायदा त्यांच्या बाजूने. तरीही एकतीस वर्षांत पाणी आलं नाही असं झालेलं नाही. कारण आमच्याकडे कागद आहे, असं सेले मामा प्रत्येक सभेत सांगायचा.

या वर्षी नुसत्या भरवशावर बसायचं नाही असं ठरवलं आहे. रीतसर पत्र लिहिणार.

१५ मार्च

पत्र तयार. चार पानं, सोबत दानपत्राची प्रत आणि मी काढलेला नकाशा. भाषा नम्र ठेवली आहे. 'आमच्या ऐतिहासिक हक्कास अनुसरून' हे शब्द तीनदा काढले आणि तीनदा घातले. शेवटी ठेवले. काढले असते तर मीच माझ्या गावाला कमी लेखल्यासारखं झालं असतं.

मामाला वाचून दाखवलं. तो डोळे मिटून ऐकत होता.

"छान लिहिलंयस," तो म्हणाला. "पाठवणार?"

"मग काय उशाला घेऊन झोपू?"

"बरं." मग थोड्या वेळाने, "पुढच्या शनिवारी मला वर सोडशील का? पुएब्लोत. दोस्तांना भेटायचंय."

"शनिवारी आपल्या पाटाच्या सफाईचे हिस्से मोजायचेत, मामा. त्यानंतर कधीही."

"त्यानंतर नको. शनिवारीच."

म्हातारी माणसं लहान मुलांसारखी वार धरून बसतात. बघू म्हटलं.

२२ मार्च, शनिवार

आज वाईट वाटतंय. सकाळी मामा त्याच्या दारातल्या बाकावर बसला होता, पांढराशुभ्र इस्त्रीचा शर्ट, गळ्यात फिरोज्याचं पदक असलेली दोरी, डोक्यावर सणाची हॅट. शेजारी भिंतीला फावडं टेकवलेलं. म्हणजे दोस्तांना भेटायला जाताना फावडं! डोळ्यांबरोबर विचारही अंधूक झाले की काय, अशी शंका आली.

मी गाडीतूनच ओरडले, "मामा, आज खरंच जमत नाही, माणसं थांबलीत!" त्याने हात हलवला. जा, की थांब, ते कळलं नाही. पाटावर फाउस्टिन मोजपट्टीवरून वाद घालत होता, त्यात दिवस गेला. संध्याकाळी परतले तेव्हा मामा बाकावरच होता. हॅट मांडीवर.

"उद्या नेते," मी म्हटलं.

"उद्या काय आहे?" असं म्हणून तो आत गेला.

२९ मार्च

आमची सफाई झाली. चांगली झाली. प्रत्येक घरातून फावडी आली, दोन मुली अल्बुकर्कीहून सुट्टी काढून आल्या. मी फावड्याच्या दांड्याने एकेकाचा तुकडा आखून दिला. पहिल्या तासाला कोणी माझ्याकडे बघत नव्हतं, दुपारपर्यंत "झाला का माझा? बघून जा" अशा हाका यायला लागल्या. वेंडेलचं कंबरेचं हाड दुखतं, तरी त्याने आपला तुकडा कोणाला दिला नाही. शेपटापर्यंत पाट चाकूने कापल्यासारखा स्वच्छ.

मामा आला नाही. अंगणातून बघत होता म्हणे.

९ एप्रिल

उत्तर आलं. पुएब्लोकडून नाही, त्यांच्या वकिलाकडून. आमच्या 'दाव्याची' तपासणी होईपर्यंत पाण्याविषयी कोणतीही चर्चा करता येणार नाही.

दावा? मी विनंती केली होती. पत्राची माझी प्रत काढून पुन्हा वाचली. वकिलाच्या डोळ्यांनी वाचल्यावर चारही पानांत दावाच होता. राजाचा कागद, नकाशा, हक्क. मी गावाची मान वर राहावी म्हणून लिहिलं आणि समोरच्याला दिसली वर केलेली मूठ.

मामाला सांगितलं. तो म्हणाला, "वर आता पंधरा दिवस जाऊ नकोस. त्यांच्या विधींचे दिवस आहेत. बाहेरच्यांना गाव बंद असतं." आणि शेंगा सोलत बसला. मी म्हटलं, "मामा, तू एकतीस वर्षं काय करायचास?" तर म्हणे, "पाटकरी तू आहेस की मी?"

माझ्यावर रागावला आहे. बाईला पद गेलं म्हणून असावा. त्याच्याकडून ही अपेक्षा नव्हती.

२१ एप्रिल

एव्हाना पाणी यायला हवं होतं. हद्दीच्या कुंपणापर्यंत रोज शाळेआधी जाते. पाट कोरडा. तळाशी भेगा. कुंपणापलीकडे त्यांच्या शेतात हिरवं दिसतं, म्हणजे पाणी आहे, आम्हालाच बंद आहे.

फाउस्टिन आज दुकानात सगळ्यांदेखत म्हणाला, "कागद आपल्याकडे आहे, कोर्टात जाऊ." मी म्हटलं, कोर्ट लागायला सात वर्षं, जर्दाळूला सात वर्षं कशी सांगणार? तो म्हणाला, "मग सेलेला विचार, त्याच्या काळात एका शब्दावर पाणी यायचं." ते खरंच आहे. म्हणूनच लागलं.

ओफेलिया मावशी मिरचीच्या रोपांना स्वयंपाकाचं सांडपाणी घालते आहे. मला बघून म्हणाली, "अजून पंधरा मे यायचाय." हे धीर देणं होतं की आठवण, कळलं नाही.

२७ एप्रिल, रविवार

पुएब्लोत जाऊन आले. घाईने नाही, सगळं क्रमाने लिहायचं आहे.

त्यांच्या पाटाचं काम आर्विन बघतो. शाळेत माझ्यापुढे दोन वर्षं होता, बास्केटबॉल खेळायचा. आठवडाभर लॉस अलामोसला वेल्डिंगचं काम, सुट्टीत पाट. तो घरामागे गाडीखाली शिरलेला होता. मी गाडीत पाठ केलेलं माफीचं भाषण सुरू केलं. तो गाडीखालूनच म्हणाला, "थांब, ऐकू येत नाही." बाहेर आला, हात पुसले आणि पहिलाच प्रश्न विचारला:

"सेले कधी गेला?"

"गेला? कुठे?"

"मेला ना?"

"छे! घरी शेंगा सोलतोय."

आर्विन बघतच राहिला. मग घराकडे तोंड करून ओरडला, "आत्या! जिवंत आहे!" आतून एक बाई आली, पांढरी वेणी, पिठाचे हात. लुपिता आत्या. "जिवंत आहे?" ती म्हणाली. "मग मेणबत्ती कशाला जाळली मी?" आणि रागाने आत गेली. इतका राग का, कोण जाणे.

मी पत्राचं बोलायला गेले तर आर्विन हसला. "पत्र आलं की आमच्या ऑफिसला ते वकिलाकडे द्यावंच लागतं. वकील वकिलासारखं बोलला. त्याचा आणि पाण्याचा काय संबंध?"

"पण तुम्ही पाणी बंद केलंत ना?"

"कोणी केलं बंद? चल."

त्याने मला त्यांच्या पाटाच्या टोकाकडे नेलं, आमच्या कुंपणापासून हाकेच्या अंतरावर, कॉटनवुडच्या झाडांमागे. आमच्या बाजूने तिथलं काही दिसत नाही, आणि परवानगीशिवाय आम्ही कोणी त्या जमिनीत पाय टाकत नाही. त्यांचा पाट वरपासून लख्ख साफ. आणि मग, कोणी रेघ मारावी तसा, एक लांब तुकडा गाळाने काठोकाठ भरलेला, वर वाळुंजाची झुडपं. पाणी तिथवर येत होतं, अडत होतं आणि बाजूच्या दलदलीत पसरत होतं.

"हा सेलेचा तुकडा," आर्विन म्हणाला.

मला काहीच कळेना. मग त्याने सांगितलं. दर मार्चमध्ये, त्यांच्या सफाईच्या दिवशी, मामा फावडं घेऊन यायचा. त्यांच्या माणसांबरोबर रांगेत उभा राहायचा, त्याला हा तुकडा नेमून दिलेला होता. आर्विनच्या बापाने दिला होता. पाण्याचं कधी कोणी बोललं नाही. तो तुकडा साफ झाला की पाणी आपोआप खाली उतरायचं.

"या वर्षी आला नाही. आम्ही दुपारपर्यंत वाट बघितली."

"मग तुम्हीच का नाही केलात साफ?"

तो माझ्याकडे असा बघायला लागला, जणू मी त्याला कोणाच्या ताटातलं खायला सांगितलं होतं. "दुसऱ्याचा तुकडा कोण करणार? त्याला वाटेल आपल्याला मेला म्हणून सोडून दिलं. आणि मेला असेल तर त्याच्या घरचं कोणीतरी येईल, असं म्हणालो." थोडं थांबून म्हणाला, "तर आलं पत्र."

बावीस मार्च. पांढरा शर्ट. तो बाकावर बसला होता आणि मी मोजपट्टी घेऊन गेले.

२८ एप्रिल

मामाशी भांडले. आयुष्यात पहिल्यांदा.

"सांगायचं होतंस!"

"सोड म्हटलं होतं ना वर."

"दोस्तांना भेटायला, असं म्हणालास!"

"मग? दोस्तच आहेत. मलाही कोणी सांगितलं नव्हतं. आधीचा पाटकरी एकदा म्हणाला, चल सेले, फावडं घे. मी गेलो. बस."

"आणि सभेत? कागदामुळे पाणी येतं, कागदामुळे पाणी येतं..."

मामाने खुर्ची माझ्याकडून भिंतीकडे वळवली. भिंतीवर तोच कागद होता. "आपली माणसं तुला माहीत आहेत. मागून आणलेल्या पाण्यावर पिकलेली मिरची ते थुंकून टाकतील. गावाला काहीतरी ताठ उभं राहायला लागतं."

"मागितलंस कुठे? कमावलंस."

मी विचारलं, गावाला खरं सांगू का? म्हणाला, "मी मेल्यावर सांग." मी म्हटलं, वर त्यांची तुझ्या नावाने मेणबत्ती लावून झाली आहे. तेव्हा तो पटकन वळला. "कोणी लावली?" लुपिता आत्याने, म्हटलं. तो त्या रात्री जेवलाही नाही. म्हाताऱ्या माणसांपुढे मरणाचे विनोद करू नयेत, मला कळायला हवं होतं.

३० एप्रिल

आर्विनचा फोन. शनिवार-रविवार तो त्यांच्या पाटाचं वरचं दार, म्हणजे पाणी सोडायची फळी, बंद ठेवणार. सोमवारी पहाटे उघडणार, कारण त्यांच्या मक्याला पाणी हवं. तेवढ्यात तुकडा साफ झाला तर झाला. पाणी वाहतं ठेवून तो गाळ निघणार नाही, आणि पुन्हा दार बंद ठेवणं त्यांना जूनपर्यंत जमायचं नाही.

मामा एका दिवसात करायचा तो, पण दरवर्षीचा पातळ थर असायचा तो. या वर्षी अडलेल्या पाण्याने महिनाभर गाळ आणून ओतला आहे, कंबरभर. एका माणसाचं काम नाही. गावाला सांगावंच लागेल, आणि मामाने नाही म्हटलंय. खरं न सांगता, खोटं न बोलता कसं सांगायचं? दोन पानं लिहून फाडली.

१ मे

सभा बोलावली आणि एवढंच म्हटलं: "कुंपणापलीकडे गाळाने पाट बुजला आहे. पाटकऱ्याने साफ करायचा तुकडा आहे तो. मी शनिवारी जाणार. ज्याला यायचं त्याने यावं."

फाउस्टिन उभा राहिला. "त्यांच्या जमिनीतला गाळ आपण काढायचा? मजूर आहोत त्यांचे? माझ्या पणजोबाच्या पणजोबाने या पाण्यासाठी सांता फेपर्यंत पायी जाऊन कागद आणला."

भिंतीशी बसलेला मामा काठी टेकत उठला आणि बाहेर गेला. मी त्याच्याकडे पाहिलं नाही. पाहिलं असतं तर सगळं बोलून गेले असते.

३ मे, शनिवार

आम्ही दोघं होतो. मी आणि वेंडेल.

तो कंबरेला पट्टा बांधून आला. "छप्पन्न वर्षं झाली. अजून नवाच आहे मी. नव्या माणसाला गावाचा मान सांभाळायचा नसतो, बरं असतं ते," म्हणाला. दिवसभरात अर्ध्याहून कमी झालं. काळा, जड, सडक्या पानांचा गाळ. फावडं सुटता सुटत नाही, सुटलं की चिखल तोंडावर. माझ्या तळहातांची सालं निघाली. आर्विन आणि त्याची माणसं पलीकडच्या काठावर येऊन बसली. मदतीला कोणी उतरलं नाही. मला आधी रागच आला. मग दिसलं की ते तिथून हललेही नाहीत. घरी न जाता, उन्हात, आमच्याबरोबर बसून होते.

उद्या संध्याकाळपर्यंत होणार नाही. मला हिशेब येतो.

ओफेलिया मावशीला फोन केला. "मावशी, बहुतेक जमणार नाही." ती म्हणाली, "बहुतेक म्हणजे?" मी म्हटलं, जमणार नाही. तिने बरं म्हणून फोन ठेवला.

४ मे, रविवार

हाताला पट्ट्या आहेत, अक्षर वाकडं येतंय. पण आज लिहिणारच.

सकाळी पुन्हा आम्ही दोघं. खाली गावात चर्चची घंटा झाली. एकाआड एक रविवारी पाद्री येतो, सगळं गाव तिथे. मी गाळात गुडघाभर उभी होते आणि माझी कंबर सरळ होत नव्हती. उन्हं चढल्यावर रस्त्यावर धूळ दिसली. आधी एक गाडी, मग एकामागून एक. कुंपणाशी थांबल्या. चर्चच्या कपड्यांतली माणसं, पायात रबरी बूट, हातात फावडी.

चर्चच्या अंगणात काय झालं ते मी पाहिलं नाही. ओफेलिया मावशीने सांगितलं ते असं. प्रार्थना संपल्यावर मामा दारात आडवा उभा राहिला, काठी दोन्ही बाजूंच्या चौकटींना लावून, कोणाला बाहेर जाऊ देईना. म्हणाला, "एकतीस वर्षं तुम्हाला सांगितलं की पाणी कागदाने येतं. कागदाने येत नव्हतं. माझ्या पाठीने येत होतं. आता पाठ गेली. बसा कागद घेऊन." पाद्री म्हणाला, सेलेदोनिओ, वाट सोड. मामा म्हणाला, "फादर, तुमचं झालंय, माझं चाललंय." मग फाउस्टिनला म्हणाला, "तुझ्या पणजोबाचा पणजोबा कागद आणायला पायी गेला, सांता फेला. तुला कुंपणापर्यंत गाडीने जायला लाज वाटते?"

वेंडेलच्या बायकोने सांगितलं की मामा रडला. मावशी म्हणते अजिबात नाही, शिवी दिली.

मामा पहिल्या गाडीत होता. पांढरा शर्ट, फिरोजा, सणाची हॅट! गाळाच्या कामाला! त्याला गाडीच्या मागच्या फळीवर बसवलं. पलीकडून आर्विन ओरडला, "सेले! मेलेल्या माणसाच्या मानाने चांगला दिसतोस!" मामा ओरडला, "तुमच्या स्वर्गात पाट साफ नव्हते, परत आलो!"

मग मी पाटकरीण झाले. फावड्याच्या दांड्याने तुकडे पाडले आणि एकेकाला उभं केलं. फाउस्टिन सगळ्यांत शेवटी आला. "मी काम करायला आलो नाही. कडा वाकड्या जाऊ नयेत म्हणून बघायला आलोय," म्हणाला. आणि उतरला. दुपारपर्यंत त्याच्या नव्या शर्टाचा रंग ओळखू येत नव्हता.

दुपारी लुपिता आत्या आणि चार बायका जेवण घेऊन आल्या. भट्टीतले पाव, हिरव्या मिरचीचा मटणरस्सा, आलुबुखाराचं सारण भरलेले चपटे पाव. सगळ्यांना वाढून झाल्यावर ती मामापुढे उभी राहिली.

"मेणबत्तीचे पैसे दे."

"अर्धी जळली असेल. अर्धे देतो."

"सगळी जळली. तळापर्यंत."

मामा हॅट काढून बघत राहिला. मग ती म्हणाली, "तसा तुझा तुकडा दरवर्षी वाकडाच असायचा. आज पहिल्यांदा सरळ झालाय," आणि आलुबुखाराचा एक वेगळा, फडक्यात गुंडाळून आणलेला पाव त्याच्या मांडीवर ठेवला. त्याने तो कोणाला दिला नाही, मला चवीपुरताही नाही. गोडाचा सोस वाढलाय त्याचा, डॉक्टरांना सांगायला हवं.

उन्हं कलायच्या आत तुकडा झाला. आमच्या ओफेलिया मावशीने शेवटचं फावडं टाकलं. चाळीस माणसं काठावर चढून बघत होती. आमचा पाट आणि त्यांचा पाट, मधला सांधा कुठे होता ते सांगता येत नव्हतं.

आर्विन उतरून आला. त्याने मामाच्या तुकड्याच्या खालच्या टोकाला फावड्याने रेघ मारली आणि तिथून कुंपणापर्यंत चालत जाऊन दुसरी. "सेलेचा तुकडा सेलेचा," तो म्हणाला. "हा तुझा. मार्चमध्ये. तारीख फोन करून सांगणार नाही, विचारायला ये."

मी या राज्याचा इतिहास वीस वर्षं शिकवते आहे. आज मला त्यात जागा मिळाली, फावड्याच्या दोन रेघांएवढी. अभिमान वाटतो असं लिहायला मला नेहमी संकोच होतो. आज नाही.

५ मे

शाळेत रजा टाकली. पहाटे आर्विनने दार उघडलं.

पहिलं पाणी धावत येत नाही. ते माणसाच्या चालीहून हळू येतं, पुढे फेस, काटक्या, वाळकी पानं, कोळी, मुंग्या असं सगळं ढकलत. प्रत्येक भेगेशी थांबतं, ती भरतं, मग पुढे. आम्ही काठाने त्याच्याबरोबर चालत होतो. प्रत्येक घरापाशी माणसं वाढत गेली. कुत्री पाण्यावर भुंकत होती. फाउस्टिनच्या दारापाशी पाणी जमिनीत इतकं मुरलं की मला वाटलं संपलं. सगळे उभे राहिले. मग फेस हलला.

ओफेलिया मावशी शेताच्या बांधावर खुर्ची टाकून बसली होती. पाणी तिच्या दाराशी आलं तेव्हा ती उठली, फळी वर ओढली आणि म्हणाली, "उशीर केलास." मग चपला काढून पाण्यात उभी राहिली.

डेन्व्हरच्या मुलाला फोन तिने माझ्यासमोरच केला. तो काय म्हणाला माहीत नाही. ती म्हणाली, "तूच ये. जर्दाळू उतरवायला माणूस लागेल."

१५ मे, सान इसिद्रो

मिरवणूक निघाली. संताची लाकडी मूर्ती, तिचे लाकडी बैल, पुढे व्हायोलिन, मागे आम्ही. पाटाच्या कडेकडेने, प्रत्येक शेताला आशीर्वाद देत. पुएब्लोतून आर्विन आणि लुपिता आत्या आले होते. आत्या मामाच्या हाताला धरून चालत होती, त्याला नीट दिसत नाही म्हणून.

शेपटाकडे वळलो आणि फाउस्टिन थांबला. खांद्यावर संताच्या पालखीचा दांडा, तरी थांबला. त्याच्या दाराची फळी बंद होती. पाणी सरळ ओफेलिया मावशीकडे जात होतं.

"आज माझी पाळी आहे!"

"दुपारपासून," मी म्हटलं. "सकाळ मावशीची."

"सणाच्या दिवशी सकाळ दुपारीच संपते!"

"हे कोणी ठरवलं?" मावशी रांगेतून ओरडली.

"तिच्या जर्दाळूला आधी आणि माझ्या लसूणघासाला मग? मी बघतोय सगळं! काल अर्धा तास जास्त दिलास तिला!" संत खांद्यावर हेलकावे खात होता, पाद्री "हळू, हळू" म्हणत होता. फाउस्टिनने मोकळा हात आभाळाकडे उचलला आणि सगळ्या गावाला ऐकू जाईल असं ओरडला, "सगळे पाटकरी सारखे! सगळे चोर!"

व्हायोलिन थांबलं. मला आधी धक्का बसला. दहा मिनिटं जास्त गेली असतील काल, हे खरं होतं, तेच मनात घोळवत मी पुढे चालू लागले. मिरवणूक संपल्यावर मामाजवळ जाऊन बसले.

"काय ओरडला तो? मला मागे नीट ऐकू आलं नाही."

"सगळे पाटकरी चोर, म्हणाला."

"सगळे?"

"हो."

"तुला धरून?"

"माझ्याकडे बघूनच."

मामा काठीवर जोर देऊन उठला. हॅट काढली आणि माझा हात, पट्टी बांधलेला, दोन्ही हातांत घेऊन हलवला. "मला चोर म्हणायला त्यांनी तीन वर्षं लावली," तो म्हणाला.